गरीब बिचारा डॅन

माझा गुडघा पुन्हा सुजलाय. (गुडघ्याचं नाव काढताच पान उलटणारे वाचक कोण, ते मला ठाऊक आहे.) डॉक्टरांनी पाय वर घेऊन बसायला सांगितल्यावर पुतणीनं मला ‘गॉसिप गर्ल’ लावून दिली. २००७ ते २०१२, सहा सीझन, १२१ भाग. न्यूयॉर्कच्या अप्पर ईस्ट साइडची श्रीमंत पोरं. सेरेना आणि ब्लेअर या जिवाभावाच्या वैरिणी, दोघींमध्ये नेट नावाचा देखणा ठोकळा, आणि सगळ्यांची लफडी चव्हाट्यावर मांडणारी निनावी वेबसाइट. चक बास हा इसम तर एका हॉटेलापायी ब्लेअरचा सौदा करतो, आणि शेवटी ती लग्न त्याच्याशीच करते! असो.

माझं डोकं फिरलं ते डॅनपायी. “काकू, तो गरीब आहे गं,” पुतणी कळवळून म्हणाली. हा गरीब ब्रुकलिनला ऐसपैस लॉफ्टमध्ये राहतो. वडील एके काळचे रॉक गायक, आता स्वतःची आर्ट गॅलरी. ते घरी वॉफल करून वाढतात. शाळा तीच, श्रीमंतांची. डोंबिवलीच्या दोन खोल्यांत आम्ही सहा जण राहायचो. रात्री शेवटची गादी पडली की मोरीचं दार उघडायचं नाही. तरी आई कुणी विचारलं तर “आमचं बरं चाललंय” म्हणायची.

हे मी तावातावानं बोलत होते, तेव्हा आमच्या कामाच्या मावशी फडकं हातात घेऊन टीव्हीसमोर उभ्या. इंग्रजीचा गंध नाही. पण त्यांची नजर काळ्या पोशाखातल्या, पांढऱ्या एप्रनच्या बाईवर. ती डोरोटा, ब्लेअरच्या घरची पोलिश मोलकरीण. निरोप पोचवणं, पाळत ठेवणं, रडणाऱ्या ब्लेअरला सावरणं, सगळं तिच्याकडे.

“ही बाई कामाची दिसते,” मावशी म्हणाल्या. त्या रोज अकराला येतात. त्या दिवसापासून साडेदहाला यायला लागल्या. लादी तेवढीच, वेळ दुप्पट. पुतणी गोष्ट सांगायची, मावशी फडकं पिळता पिळता ऐकायच्या. चौथ्या दिवशी त्यांनी निकाल दिला, “ते वेबसाइटचं काम हिचंच. घरातलं एवढं दुसऱ्या कुणाला कळणार?”

मी चपापले. मावशी आमच्याकडे अकरा वर्षं आहेत.

(ज्यांना मालिका बघायची आहे त्यांनी इथेच थांबावं.) शेवटच्या भागात कळतं की ती वेबसाइट चालवणारी गॉसिप गर्ल म्हणजे डॅन. तोच तो, गरीब बिचारा. मावशींनी बादली उचलली. “त्याला काय कळतंय? तो पाहुणा.”

जाताना त्यांनी पुढल्या महिन्यापासून तीनशे रुपये वाढवून मागितले. मी एका शब्दानं घासाघीस केली नाही.