जेथे हास्य थांबते

जैन आचार्यांनी हास्याची गणना नऊ नोकषायांत केली आहे. सत्यव्रताच्या पाच भावनांतही क्रोध, लोभ व भय यांच्याबरोबर हास्याचा त्याग सांगितला आहे; कारण थट्टेच्या भरात मनुष्य सहज असत्य बोलून जातो. मग ज्याची उपजीविकाच लोकांना हसविण्यावर चालते, त्याने सत्य कसे सांभाळावे? अमेरिकेतील दूरचित्रवाणी-लेखक लॅरी गेलबार्ट यांचे जीवन या दृष्टीने पाहण्यासारखे आहे.

गेलबार्ट यांचा जन्म १९२८ मध्ये शिकागो येथे एका ज्यू कुटुंबात झाला. वडील केशकर्तनाचा व्यवसाय करीत. पुढे लॉस एंजेलिसमध्ये विनोदी नट डॅनी थॉमस त्यांच्याकडे केस कापून घेत. वडिलांनी त्यांच्यापाशी मुलाची शिफारस केली आणि सोळाव्या वर्षीच तो रेडिओसाठी विनोद लिहू लागला. नंतर बॉब होप यांचे लेखक म्हणून गेलबार्ट युद्धकाळात कोरियाला जाऊन आले. १९५५ पासून ते सिड सीझर यांच्या विविधरंगी कार्यक्रमासाठी लिहू लागले. मेल ब्रुक्स व नील सायमन हे तेथील सहलेखक. कार्यक्रम थेट प्रक्षेपित होई. चुकलेले वाक्य परत घेण्याची सोय नव्हती.

१९७२ मध्ये कोरियन युद्धातील लष्करी रुग्णालयावर आधारलेली ‘मॅश’ ही मालिका त्यांनी दूरचित्रवाणीसाठी घडविली. त्या काळच्या रीतीप्रमाणे वाहिनीला संवादांमागे ध्वनिमुद्रित हास्य हवे होते. निर्मात्यांनी एक मर्यादा मान्य करून घेतली: शस्त्रक्रियागृहातील प्रसंगांत ते हास्य ऐकू येऊ नये. डॉक्टर तेथेही विनोद करीत. पण जखमी तरुणाच्या प्राणांसाठी झुंज चालू असताना हसणारे कोणी नसे.

मार्च १९७५ मध्ये मालिकेतील लोकप्रिय अधिकारी हेन्री ब्लेक घरी परतत असताना त्याचे विमान पाडले जाते, असा प्रसंग दाखविला गेला. प्रेक्षकांची संतप्त पत्रे आली. परंतु युद्धात केवळ अनोळखी माणसेच मरतात, असे दाखविणे हे असत्यच ठरले असते. मालिकेच्या पहिल्या चार हंगामांनंतर गेलबार्ट तिच्यातून बाहेर पडले. त्यांनी लिहिलेल्या अखेरच्या भागात ध्वनिमुद्रित हास्य मुळीच नव्हते. २००९ मध्ये त्यांचे निधन झाले.

मुनींचा हास्यत्याग पूर्ण असतो. गृहस्थाला तो साधत नाही. अणुव्रती श्रावकाला हास्याची मर्यादा मात्र आखता येते. लग्नघरी कोणाच्या रंगावर, बोलीवर वा गरिबीवर विनोद होतो, सारे हसतात, आणि ज्याच्यावर तो झाला तोही लाजेकाजेस्तव हसतो. त्या हसण्यात हिंसा आहे आणि असत्यही. अशा वेळी एकाने तरी न हसता विषय बदलावा. तेवढ्यानेही व्रत पाळले जाते.