मन उघडून दाखवायचे कशाला?

मध्यंतरी शिक्षक खोलीत 'ब्रेनस्टॉर्म' या १९८३ च्या इंग्रजी चित्रपटाचा विषय निघाला. डग्लस ट्रम्बुल यांच्या या चित्रपटात शास्त्रज्ञ एक यंत्र बनवतात. ते डोक्याला लावले की माणसाला जे दिसते, जाणवते, आठवते ते सगळे टेपवर उतरते. दुसऱ्याने ती टेप लावली की तोच अनुभव त्याला जसाच्या तसा येतो. हे ऐकून आमचा एक तरुण सहकारी म्हणाला, "सर, असे यंत्र खरेच आले तर सर्वात जास्त फायदा आपला. एकदाचे मन काढून दाखवू, म्हणू बघा, यात काही नाही. रोजचा संशय तरी संपेल."

बसलेल्या सगळ्यांनी माना डोलावल्या. त्या वाक्यापेक्षा मला त्या मानांचे जास्त वाईट वाटले. हा लेख त्यांच्यासाठी आहे.

चित्रपटात या यंत्राचे आधी भलेच होते. एकमेकांपासून दुरावलेले नवरा-बायको त्याच्यामुळे पुन्हा जवळ येतात. पण यंत्र प्रयोगशाळेत राहत नाही. ते लष्कराच्या हाती जाते, आणि प्रेमाच्या आठवणी साठवणारी टेप छळाचे हत्यार बनते. यंत्र तेच असते, फक्त मालक बदलतो.

ही कल्पना झाली. पण अशा यंत्राची एक कच्ची आवृत्ती आपल्या महाराष्ट्रात वापरून झाली आहे. जून २००८ मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका तरुण विद्यार्थिनीला आधीच्या होणाऱ्या नवऱ्याला प्रसादातून आर्सेनिक दिल्याच्या आरोपावरून जन्मठेप सुनावली. पुराव्यांत 'बीईओएस' नावाची मेंदूची चाचणी होती. डोक्याला इलेक्ट्रोड लावायचे, आरोपीने गप्प बसायचे आणि गुन्ह्याबद्दलची वाक्ये तिला ऐकवायची. मेंदूतल्या लहरी पाहून संगणक सांगणार की ही गोष्ट तिने नुसती ऐकली आहे की स्वतः केली आहे. तिने तोंडातून एक शब्द काढला नाही, तरी तिची 'आठवण' न्यायालयात बोलली. पुढे उच्च न्यायालयाने तिला जामीन दिला. ती दोषी होती की निर्दोष, हे मी ठरवणारा कोण? माझा प्रश्न एवढाच आहे की लहरींचा अर्थ कोणी लावला? माणसानेच बनवलेल्या प्रणालीने. म्हणजे मन उघडले नाहीच, त्याचा तर्जुमा झाला. आणि तर्जुमा करताना किती हातचे घातले जाते, हे दोन भाषा शिकवणाऱ्या माझ्यासारख्याला सांगायला नको.

२००६ च्या मालेगाव बॉम्बस्फोटात पकडलेल्या नऊ मुस्लिमांपैकी काहींच्या नार्को चाचण्या झाल्या होत्या. २०१६ मध्ये विशेष न्यायालयाने आरोपींना दोषमुक्त केले. त्यांचे मन तर औषध टोचून 'उघडले' होते ना? मग त्या उघडलेल्या मनाने त्यांची वर्षे का वाचली नाहीत?

२०१० मध्ये 'सेल्वी' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की नार्को, पॉलिग्राफ आणि मेंदूची चाचणी सक्तीने करता येणार नाही. संमती असेल तर करता येते. इथेच माझ्या मित्राने थांबून विचार करावा. उद्या बिनचूक यंत्र आले तर ते डोक्याला लावायला आधी कोणाला सांगतील? घर भाड्याने मागणाऱ्याला, की घरमालकाला? आणि 'नको' म्हणालो तर लगेच विचारतील, लपवायचे काही नसेल तर घाबरता का? जिथे नकारच गुन्ह्याचा पुरावा ठरतो, तिथे संमतीला काय अर्थ उरतो?

समजा, यंत्र अगदी खरे सांगते. तरीही मी नकोच म्हणेन. राग, मत्सर, सूड कोणाच्या मनात येत नाही? वर्गात एखाद्या पोराला मारावे असे मला कितीदा वाटले असेल. हात उचलला नाही, हेच माझे चारित्र्य. यंत्र उचललेला हात दाखवणार नाही, ते वाटणे तेवढे दाखवील. मनात आलेला वसवसा कृतीत किंवा बोलण्यात उतरला नाही तर त्याची पकड नाही, ही आपल्या दीनची शिकवण आहे. जे अल्लाहने माफ केले ते टेपवर उतरवून कोणाला दाखवायचे?

आणि आता आपल्या घरातले. हजरत उसामा (र.) यांनी लढाईत कलमा म्हणणाऱ्या एका माणसाला, तो जिवाच्या भीतीने म्हणतोय असे समजून मारले. पैगंबर मुहम्मद (स.) त्यांच्यावर कमालीचे नाराज झाले, कारण दुसऱ्याचे दिल चिरून पाहणे माणसाचे काम नाही. हा किस्सा आपण दर्सात ऐकतो आणि मशिदीबाहेर येताच अमक्याचा अकीदा कच्चा, तमकीचा बुरखा दिखाऊ, असे निकाल देतो. यंत्र नसताना आपण ही तपासणी रोज करतो. मग दुसऱ्याने आपली केली तर कोणत्या तोंडाने तक्रार करणार?

माझ्या तरुण मित्रा, निष्ठा मोजायची असेल तर माझे काम बघा, भरलेला कर बघा, शिकवलेली मुले बघा. तेवढे बघूनही ज्याचा संशय जात नाही, त्याला टेप दाखवली तरी तो म्हणेल, ही टेप बनावट आहे.