भागीदार फिरला तर दाद कोठे मागावी?

भिवंडी-मालेगावचा यंत्रमाग असो, फळांची आडत असो की एखादे गॅरेज, आपल्याकडील पुष्कळशा भागीदाऱ्या भावाभावांतल्या, साल्या-मेहुण्यातल्या नाहीतर दोस्तीतल्या असतात. भांडवल घालताना लिखापढीचे नाव काढले तर समोरच्याला वाईट वाटेल, असा संकोच असतो. पुढे धंदा वाढतो, गल्ला एकाच्या हाती राहतो आणि दुसऱ्याला हिशेबवह्या दाखविण्याची टाळाटाळ सुरू होते. मग तो दुसरा भागीदार तडक पोलीस ठाणे गाठतो. आमच्या मते घोळ येथूनच वाढतो.

भागीदाराने फर्मचे पैसे स्वतःकडे ठेवले एवढ्यावरून तो अपहाराचा गुन्हेगार ठरत नाही. वेलजी राघवजी पटेल यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे १९६० च्या दशकातच स्पष्ट केले आहे. फर्मच्या मालमत्तेवर सर्वच भागीदारांचा हक्क असतो; एखादी रक्कम खास कराराने त्याच्या हवाली केली असेल तर गोष्ट वेगळी. खोट्या सह्या, बनावट कागद असतील तर फिर्याद अवश्य द्यावी. एरवी हा मामला हिशेबाचा, म्हणजे दिवाणी कोर्टाचा. आणि तेथे मुदत आहे. फर्म विसर्जित झाल्यापासून ३ वर्षांत हिशेबाचा व नफ्यातील हिश्शाचा दावा लावावा लागतो. ठाण्याच्या पायऱ्या झिजविण्यात ही वर्षे निघून गेली, तर आयुष्याची कमाई बुडते.

आता नोंदणीचा प्रश्न. भागीदारी कायदा १९३२ चा आहे. त्यातील कलम ६९ प्रमाणे फर्म नोंदलेली नसेल, तर चालू धंद्यातील करारहक्कासाठी भागीदारावर दावा करता येत नाही. मात्र विसर्जन आणि हिशेब यांसाठी मूळ कायद्याने वाट मोकळी ठेवली होती. महाराष्ट्राने १९८४ मध्ये दुरुस्ती करून तीही बंद केली. नोंदणी नाही म्हणून स्वतःचे भांडवलही मागायचे नाही, हा कसला न्याय? सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये ही दुरुस्ती घटनाबाह्य ठरविली, ते योग्यच झाले. पण म्हणून नोंदणीची गरज संपली, असे कोणी समजू नये. भागीदारी मोडायची नाही, फक्त करारातला हक्क हवा आहे, अशा माणसापुढे कलम ६९ ची भिंत आजही उभी आहे. आणि भांडण पेटल्यावर नोंदणी करू म्हटले तर अर्जावर सर्व भागीदारांच्या सह्या लागतात. तेव्हा कोण सही देणार?

भागीदारीला मुदत ठरलेली नसेल आणि ती संपविण्याची रीतही करारात नसेल, तर लेखी नोटीस देऊन ती मोडता येते. ही नोटीस स्पीड पोस्टाने पाठवून पोचपावती जपून ठेवावी. त्यानंतर हिशेबाचा दावा. माल परस्पर विकला जाण्याची भीती असेल तर दाव्याबरोबरच मनाई हुकूम व रिसीव्हर नेमण्याचा अर्ज करावा. नफ्याचे प्रमाण ठरल्याचा पुरावा नसेल तर कायदा समान हिस्से मानतो, मग भांडवल कोणी कितीही घातलेले असो. अनेकांना हे ऐकून धक्का बसतो! वाटणीत बाहेरचे देणे आधी फेडले जाते, नंतर भागीदाराने दिलेले कर्ज, त्यानंतर भांडवल.

भागीदारीपत्रात लवादाचे कलम असेल तर १९९६ च्या कायद्याखाली लवादाकडे जाता येते, आणि २०१६ च्या निकालाप्रमाणे कलम ६९ ची आडकाठी लवादाला लागू होत नाही. वर्षानुवर्षे तारखा घेण्यापेक्षा हे बरे, असे आम्हास वाटते. मोहल्ल्यातील बुजुर्गांनी समेट घडविला तर उत्तमच, फक्त तो स्टॅम्पपेपरवर उतरवून सर्वांच्या सह्या घ्याव्यात.

वेगळे झाल्यावर एक काम बहुतेक जण विसरतात. विसर्जनाची जाहीर नोटीस दिली नाही, तर जुन्या भागीदाराने फर्मच्या नावावर उधार उचललेल्या मालाचे पैसे व्यापारी तुमच्याकडेही मागू शकतो.