राखून ठेवलेला डाव

मांजराने वाघाला सगळे शिकवले, पण झाडावर चढणे तेवढे शिकवले नाही, ही गोष्ट तुम्ही लहानपणी ऐकली असेलच. आपल्या तालमींतले कित्येक जुने वस्ताद या वाघाच्या मावशीच्याच घराण्यातले! शिष्य कितीही लाडका असो, एक डाव ते स्वतःजवळ राखून ठेवीत. उद्या चेला उलटला तर? भीती अगदीच खोटी नव्हती. पण वस्तादांनी डोळे मिटले की डावही त्यांच्याबरोबर जाई आणि मागे उरे ती नुसती आख्यायिका.

म्हणून मला बडोद्याचे मोठे कौतुक वाटते. गायकवाडी अमलात तिथे प्रोफेसर माणिकराव नावाचे व्यायामशिक्षक होऊन गेले. त्यांचे व्यायाममंदिर ओळखले जाते ते मात्र त्यांच्या गुरूच्या, जुम्मादादांच्या नावाने. कवायतीचे इंग्रजी हुकूम बाजूला सारून माणिकरावांनी देशी भाषेतले हुकूम रुजवले. शिवाय ते नावाजलेले हाडवैद्य. आखाड्यात हाडे कशी निखळतात हे जाणणारा माणूस गावाची हाडे बसवीत होता, म्हणा ना!

त्याच बडोद्यात द. चिं. मुजुमदार यांनी ही तोंडी विद्या छापखान्यात नेली. ‘व्यायाम’ नावाचे मासिक त्यांनी चालवले आणि १९३६ ते १९४९ या काळात दहा खंडांचा मराठी ‘व्यायामज्ञानकोश’ पुरा केला. कुस्ती, मल्लखांब, लाठी, सगळे चित्रांसह! त्यातले सार १९५० साली इंग्रजीतही निघाले.

आता कोणी म्हणेल, पुस्तक वाचून का कुणी पहिलवान होतो? नाही होत. पाकशास्त्राचे पुस्तक वाचून चकली तरी कुठे पहिल्या घाण्याला खुसखुशीत होते? पण कृती लिहिलेली असली म्हणजे आजीच्या मागे नातीला निदान प्रयत्न तरी करता येतो.

तुमच्याही पेठेत एखादे वृद्ध वस्ताद असतील. सकाळी चार पोरांना मल्लखांब शिकवीत असतील, कुणाचा मुरगळलेला पाय चोळून देत असतील. या दिवाळीत फराळाचे ताट घेऊन त्यांच्याकडे जा. बरोबर मुलाला न्या आणि एक कोरी वहीही. ते सांगतील, मुलगा लिहील. राखून ठेवलेला डाव असा मागितला, तर नाही म्हणणारा वस्ताद विरळाच!