चौसिंग्याचं घर कुठं, ते आम्हाला विचारा



"तुम्ही लोक जंगलात घुसलात म्हणून जनावरं संपली," असं फॉरेस्टवाले आपल्याला दर मिटिंगला ऐकवतात. आपण मान खाली घालून ऐकून घेतो. का म्हणून? कुठलं जनावर कुठल्या रानात राहतं, हे आपल्यालाही माहीत आहे. ते आता बोललं पाहिजे.

चौसिंगा घ्या. शेळीएवढं जनावर, वजन वीस किलोच्या आसपास. नराला चार शिंगं, पुढची दोन आखूड. रानात चार शिंगांचं दुसरं जनावर जगात नाही, आणि हे फक्त भारतात आणि नेपाळात आहे. आपल्याकडे मेळघाट, पेंच, नागझिरा, ताडोबाच्या रानात आहे. काही जण त्याला भेकर समजतात. पण भेकराची शिंगं गळून पुन्हा येतात, चौसिंग्याची गळत नाहीत.

त्याला दाट अंधारं जंगल नको. पानगळीचं विरळ रान, डोंगरउतार, लपायला उंच गवत आणि जवळ पाणी, एवढं पाहिजे. तो कळपानं फिरत नाही, एकटा नाहीतर जोडीनं असतो. लेंड्या त्याच त्याच जागी टाकतो, म्हणून गुराख्याला त्याचा ठिकाणा कळतो.

चिंकाऱ्याचं वेगळं. त्याला काटेरी झुडपांचा कोरडा माळ लागतो, पाण्यावाचून तो पुष्कळ दिवस काढतो. बारामती तालुक्यातलं मयूरेश्वर अभयारण्य त्याच्यासाठीच आहे. काळवीट उघड्या गवतात राहतो. कर्जत तालुक्यात रेहेकुरीला, सोलापूरकडे नान्नजला तो आहे.

म्हणजे जंगल म्हणजे नुसती झाडं नव्हे. गवत आणि माळ हीसुद्धा जनावरांची घरं आहेत. पण सरकारी कागदात माळ म्हणजे 'पडीक'. मग तिथं चर खोदायचे, ओळीनं झाडं लावायची, तारेचं कुंपण घालायचं. आपली चराई बंद होते, सावलीखाली गवत मरतं, चौसिंग्याची लपायची जागा जाते. आणि नाव आपलं!

पण आपणही खरं बोलू. आपल्यातलेच काही जण फासे लावतात, कुत्री घेऊन पारधीला जातात. मोह वेचायला झाडाखाली आग लावतो, ती पसरून सगळं गवत जळतं. १९७२ च्या वन्यजीव कायद्यात चौसिंगा पहिल्या यादीत आहे, शिकारीला तुरुंग आहे. एकानं फासा लावला की बदनामी सगळ्या पाड्याची होते, आणि आपल्या दाव्याविरुद्ध बोलायला त्यांना आयतं कारण मिळतं.

२००६ च्या वनहक्क कायद्याचं कलम ५ वाचा. जंगल आणि वन्यजीव राखण्याचा अधिकार ग्रामसभेला दिलेला आहे. म्हणून आमचं म्हणणं असं, की येत्या ग्रामसभेत तीन ठराव घ्या.

एक, सामूहिक दाव्याच्या नकाशावर गवताचे माळ, पाणवठे आणि चौसिंगा दिसतो त्या जागा दाखवा. म्हाताऱ्यांना आणि गुराख्यांना सोबत न्या.

दोन, त्या जागांवर ग्रामसभेला विचारल्याशिवाय रोपवन नको, असं लेखी कळवा.

तीन, फासे आणि पारध बंद. मोहाखालचा पाला झाडून बाजूला करा, आग लावू नका.

रान आपलं म्हणायचं तर राखणही आपणच करायची. ठरावाची एक प्रत संघटनेच्या ऑफिसात पाठवा, पुढच्या अंकात गावाचं नाव छापू.

जिंदाबाद!