पाणी कुठल्या बाजूला?

गेल्या महिन्यात एक कॉल रात्री अकरापर्यंत लांबला. बिल्ड संपायची वाट बघत होतो, त्यामुळे गप्पा सुरू झाल्या. लंडन ऑफिसमधला टीममेट मूळचा लागोसचा, नायजेरियातला. त्याने विचारलं, तू मुंबईत नक्की कुठे राहतोस? मी नेहमीचं उत्तर दिलं: मुलुंड, सेंट्रल लाइन, ठाण्याच्या आधीचं स्टेशन.

"ते ठीक आहे, पण पाणी कुठल्या बाजूला?"

त्याचं गाव बेट आणि मेनलँड असं वाटलेलं, मधे पसरलेलं खारं पाणी. लागोस हे नावच मुळी पोर्तुगीजांनी त्या पाण्यावरून दिलेलं. त्यामुळे प्रश्न त्याच्यासाठी साधा होता. मी मात्र दोन सेकंद गप्प! पाणी पूर्वेला. हायवे ओलांडला की मिठागरं, मग तिवरं, मग ठाण्याची खाडी. चाळिशी उलटली, पण पत्ता म्हणून हे कधी कुणाला सांगितलं नव्हतं.

आपण उपनगरवाले स्वतःला स्टेशनवरून ओळखतो. वेस्टर्न का सेंट्रल, ईस्ट का वेस्ट, संपलं. खरं तर अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड ही सगळी साष्टी बेटावर आहेत. साष्टी म्हणजे सासष्ट गावांचं बेट. पश्चिमेला अरबी समुद्र, उत्तरेला वसईची खाडी, पूर्वेला ठाण्याची. मुंबईशी त्याचा इतिहाससुद्धा वेगळा. १५३४ च्या वसईच्या तहात दोन्ही पोर्तुगीजांकडे गेले. पुढे लग्नाच्या आहेरात इंग्रजांना मुंबई मिळाली, पण साष्टी द्यायला पोर्तुगीजांनी साफ नकार दिला. १७३७ मध्ये मराठ्यांनी साष्टी घेतली, दोन वर्षांनी चिमाजी अप्पांनी वसई. इंग्रजांनी ठाणे घेतलं ते थेट १७७४ च्या अखेरीस, आणि त्यावर शिक्कामोर्तब झालं १७८२ च्या सालबाईच्या तहात. म्हणजे शंभराहून जास्त वर्षं वांद्र्याहून माहीमला जाणं ही परदेशवारी होती. (आताही लिंकिंग रोडच्या ट्रॅफिकमध्ये तसंच वाटतं, असो.) माहीमचा कॉजवे १८४५ चा, मुंबई महापालिकेची हद्द दहिसर-मुलुंडपर्यंत आली १९५७ मध्ये, आणि उपनगर हा आजचा जिल्हा झाला १९९० मध्ये. बेडरूम म्हणून आपण अगदी अलीकडचे आहोत.

मग त्याआधी इथे लोक पोट कशावर भरायचे? भात होता, ताडी होती, पण मुख्य मासे आणि मीठ. आणि माझा आजचा मुद्दा या दोन धंद्यांबद्दलच आहे. दोन्हींचा कारखाना म्हणजे उघडी जमीन, ऊन आणि भरती-ओहोटी. नकाशावर तो रिकामा दिसतो.

वर्सोव्याला किंवा मनोरीला पावसाळा संपल्यावर एकदा सकाळी जाऊन या. (मार्व्याहून बोटीने मनोरी, फार तर पंधरा मिनिटं. मॉलपेक्षा स्वस्त.) डोल जाळं म्हणजे पाण्याच्या ओढीत तोंड उघडं ठेवून रोवलेली मोठी पिशवी. भरती-ओहोटीच बोंबील, मांदेली, जवळा आत ढकलते. बोंबील लगेच खराब होतो, म्हणून विकून उरलेला बांबूच्या चौकटींवर ताणलेल्या दोऱ्यांवर वाळवायचा, जवळा जमिनीवर पसरायचा. वाळवायची ती जागा गेली तर बोट असून उपयोग काय? बाहेरच्याला तिथे प्लॉट दिसतो. कोळीवाड्यांच्या सीमांकनाचा प्रश्न वर्षानुवर्षं रखडला, त्यामागे ही नजरच आहे असं मला वाटतं.

मिठागराचं तसंच. पावसाळा संपला की भरतीचं पाणी मोठ्या तळ्यात घ्यायचं, उन्हात दाट होऊ द्यायचं, एकातून दुसऱ्या वाफ्यात सोडत जायचं, शेवटच्या वाफ्यात मीठ धरतं. 'आगरी' हा शब्दच आगरावरून, म्हणजे मिठागरावरून आला. लहानपणी एसटीच्या खिडकीतून ते पांढरे ढीग मी मोजायचो.

२०२४ मध्ये कांजूर, भांडुप आणि मुलुंडची मिळून २५५.९ एकर मिठागरं धारावी पुनर्विकासातल्या घरांसाठी द्यायला मंजुरी मिळाली. त्यातले ५८.५ एकर मुलुंडचे. आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर भडका उडाला. पण मेसेज वाचून मला लाजच वाटली. नव्वद टक्के विरोध 'ते लोक इथे नकोत' असा. अरे, आपण कोण? माझ्या बाबांनी फ्लॅट घेतला तेव्हा खिडकीखाली भातशेती होती, रात्री बेडकांमुळे झोप लागायची नाही. त्या शेतकऱ्याला कुणी विचारलं होतं? धारावीतल्या माणसाला पक्कं घर हवंच, आणि ते शक्यतो धारावीतच, त्याच्या कामाजवळ.

माझा विरोध जागेला आहे. आपल्या भाषेत सांगायचं तर मिठागर म्हणजे बफर. मोठी भरती असते तेव्हा नाल्यांचं पाणी खाडीत जाऊ शकत नाही. त्याच वेळी वरून धो धो पाऊस आला तर ओहोटी लागेपर्यंत ते पाणी कुठेतरी थांबायला हवं. सखल मोकळी जमीन ते थांबवून धरते. दहा महिने बफर वापरात दिसत नाही म्हणून तो डिलीट करणारा इंजिनिअर तुम्ही टीममध्ये ठेवाल? भराव घालून बिल्डिंगा उंचावर नेता येतील, मान्य. पण मग पाणी शेजारच्याकडे जाणार, आणि शेजारी आपणच.

२६ जुलै २००५ ला मी नोकरीत नवाच होतो. सांताक्रूझला त्या दिवशी २४ तासांत ९४४ मिमी पडला. सीप्झमधून निघून पवईमार्गे चालत पहाटे घरी पोचलो, कुठे गुडघाभर, कुठे छातीभर पाण्यातून. पाणी कुठल्या बाजूला, हे त्या रात्री आम्हा सगळ्यांना नीट कळलं होतं. आठवड्याभरात विसरलो.

लागोसवाल्याला हे सगळं सांगितलं तर तो हसला. त्याच्याकडे माकोको नावाची वस्ती आहे, पाण्यात खांबांवर उभी केलेली कोळ्यांची घरं. २०१२ मध्ये सरकारने त्यातली कित्येक पाडली. म्हणाला, "आमच्याकडेही अशा जागेला रिकामीच म्हणतात."

मी ग्रुपवर बफरचा मुद्दा चार ओळींत टाकला. तीन अंगठे आले. मग एका काकांनी विचारलं, "बरोबर आहे रे, पण नवीन लोक आले तर आपल्या पार्किंगचं काय?"