संशय नळावर की शेजाऱ्यावर?

जानेवारी २०२५ मध्ये पुण्याच्या सिंहगड रस्त्यालगत नांदेड, किरकिटवाडी, धायरी, खडकवासला या भागांत गुइलेन बॅरे सिंड्रोम, अर्थात जीबीएसचे रुग्ण एकामागून एक आढळू लागले. हातापायांतील बळ हरपणाऱ्या या विकाराचे संशयित रुग्ण पुढे दोनशेच्या वर गेले. धायरीत राहणाऱ्या आम्हांला त्या आठवड्यांत रोगाइतकेच जाणवले ते परस्परांविषयीचे भय. रुग्णाच्या घराची पायरी टाळली जाऊ लागली. मुलांचे एकत्र खेळणे थांबले.

२०२० मध्ये करोनाने आपल्याला दार लावून घ्यावयास शिकविले. तेव्हा ते योग्यच होते. जीबीएस मात्र रुग्णाच्या स्पर्शाने वा श्वासाने पसरत नाही. बहुधा एखाद्या जंतुसंसर्गानंतर शरीराची प्रतिकारशक्तीच मज्जातंतूंवर उलटते. आणि आतड्याचा असा संसर्ग दूषित पाण्यातून वा अन्नातून होतो. संशय घ्यावयाचा होता तो नळावर. आपण घेतला शेजाऱ्यावर. १८९७ च्या प्लेगमध्ये सावित्रीबाई फुले रुग्णांची सेवा करताना त्याच रोगाला बळी पडल्या. येथे तर शेजारच्या घरी जेवणाचा डबा पोहोचविण्यात तो धोकाही नव्हता.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने यात आणखी एक तोटा आहे. ज्यांना परवडले त्यांनी पाण्याचे जार मागविले. ज्यांना परवडले नाही त्यांनी गॅसकडे पाहत पाणी उकळले. कुटुंबाने आपली काळजी घेऊ नये काय? अवश्य घ्यावी. परंतु सुस्थितांचे पाणी एकदा विकतचे झाले, की नळाच्या पाण्याविषयी जाब विचारणारा आवाज क्षीण होतो आणि भार उरतो तो दुर्बलांवर.

धायरी गाव २०१७ मध्ये आणि नांदेड, किरकिटवाडी, खडकवासला २०२१ मध्ये महापालिकेच्या हद्दीत आले. हद्द अधिसूचनेने वाढते. जलशुद्धीकरणाची व्यवस्था तशी वाढत नाही, तिला पैसा आणि वर्षे लागतात. तोवर निदान एक गोष्ट अल्प खर्चात होऊ शकते. प्रत्येक वस्तीतील पाण्याच्या तपासणीचा निष्कर्ष, क्लोरीनच्या प्रमाणासह, दर आठवड्याला तेथील फलकावर लावावा.

चिंता हा केवळ मनाचा दुबळेपणा नव्हे. ती पुष्कळदा माहितीच्या अभावातून उपजते. तो अभाव दूर झाला, तर बंद दारे उघडण्यास वेगळा उपदेश करावा लागणार नाही.